लान्स, भाला, विटा आणि सल: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

भाषांतराच्या कामात 'लान्स' हा शब्द अधूनमधून पायात येतो. कधी युरोपातल्या सरदाराच्या हातात, कधी फौजेतल्या हुद्द्यात, कधी डॉक्टरांच्या नियतकालिकाच्या नावात. माझ्या स्वतःच्या पेशाच्या नावात तर तो ठाण मांडूनच बसला आहे. ओळखीपाळखीचे लोक त्यावरून तेच ते प्रश्न विचारतात, म्हणून उत्तरं एकदाची लिहून ठेवली.

लान्स म्हणजे भाला. यात विचारण्यासारखं काय आहे?

शब्दकोशाच्या एका ओळीपुरतं एवढं पुरे. पण इंग्रजीत तीन वेगळी हत्यारं आहेत आणि मराठीत ती तिन्ही एकाच शब्दात येतात. स्पिअर म्हणजे कुठलाही भाला. जॅव्हलिन म्हणजे फेकायचा भाला. लान्स म्हणजे स्वाराचा लांब भाला, आणि तो फेकायचा नसतो. तो काखेत दाबून धरायचा आणि घोडा भरधाव सोडायचा. दणका बसतो तो घोड्याच्या वेगाचा, स्वाराने फक्त नेम धरून घट्ट बसायचं.

आपल्याकडे नीरज चोप्राने ७ ऑगस्ट २०२१ रोजी टोकियोत ८७.५८ मीटर फेकला तो भाला, आणि मराठा राऊताच्या हातात होता तोही भालाच. मैदानावरचा पुरुषांचा भाला ८०० ग्रॅमचा आणि २.६ ते २.७ मीटरचा असतो. तो घेऊन कुणी घोड्यावरून चालून गेला तर पंचाईतच. म्हणून मी मजकुरात पहिल्यांदा 'घोडेस्वाराचा लांब भाला' असं लिहितो आणि पुढे नुसतं 'भाला'. 'लान्स' तसाच ठेवायची गरज मला फक्त हुद्द्यांमध्ये आणि पलटणींच्या नावांत पडते.

मूळ शब्द लॅटिन, 'लान्केआ'. पण व्हॅरो नावाच्या रोमन पंडिताचं म्हणणं होतं की तो स्पेनकडून आलेला आहे. म्हणजे रोमनांनीही तो उसनाच आणला होता.

मग 'भाला' हा शब्द तरी आपला आहे का?

आहे, पण त्याने वाटेत काम बदललं. संस्कृतात 'भल्ल' म्हणजे भाला नव्हे, रुंद पात्याचा बाण. महाभारतातल्या लढायांत भल्ल बाणांनी सारखी कुणाची ना कुणाची मुंडकी उडत असतात. पुढे तो बाण मागे पडला आणि नाव लांब दांड्याच्या हत्याराला चिकटलं.

खुद्द भाल्यासाठी संस्कृतात कुंत, प्रास, तोमर, शूल, शक्ती अशी रांग आहे. कर्णाने घटोत्कचावर टाकली ती शक्ती. कार्तिकेयाच्या हातात असते तीही शक्ती, तमिळमध्ये तिला 'वेल' म्हणतात. पोथीत हे शब्द एकामागून एक येतात तेव्हा प्रत्येक ठिकाणी 'भाला' लिहिण्याचा मोह टाळावा. 'शक्ती' तशीच राहू द्यावी.

बरची, सांग, नेजा, विटा: हे सगळे एकच का?

नाही. ढोबळ फरक असा: बरची आखूड आणि हलकी. सांग म्हणजे फळापासून दांड्यापर्यंत अख्खी लोखंडाची. नेजा हा फारसी शब्द, दरबारी कागदांत आणि पोवाड्यांत भेटतो. घोडा दौडवत जमिनीत ठोकलेली तंबूची मेख भाल्याच्या टोकावर उचलायची, त्या खेळाला उत्तरेत 'नेजाबाजी' म्हणतात.

विटा मात्र वेगळाच. विटा म्हणजे दोरीचा भाला. दांड्याला चार-पाच फुटांची दोरी बांधलेली असते आणि तिचं दुसरं टोक मनगटाला. फेकला की जातो, हिसका दिला की परत येतो. कोल्हापुरात मर्दानी खेळाच्या एका आखाड्यात तो जवळून पाहिला. पंधरा-सोळा वर्षांची एक मुलगी तो डोक्यावर गरगर फिरवत होती, आणि ऐकू काय येत होतं तर फक्त दोरीचा सूं सूं आवाज. जमिनीवर एक लिंबू ठेवलेलं. फळ लिंबात रुतलं आणि लिंबासकट माघारी आलं. वस्तादांनी काही कौतुक केलं नाही, नुसतं "मनगट बघ" म्हणाले. तिच्या मनगटावर दोरीचा जुना काळपट वळ होता.

जॅव्हलिन फेकला की गेला, लान्स हातातून सोडायचाच नाही. विटा ही दोन्ही कामं करतो. म्हणूनच त्याला इंग्रजीत धड शब्द नाही, आणि इंग्रज लेखकांनीही 'विटा' हाच शब्द उचलला. (सांगली जिल्ह्यातल्या विट्याचा याच्याशी संबंध जोडू नका, तिथले लोक वैतागतात.)

याच घरातला आणखी एक शब्द म्हणजे बोथाटी. बोथट टोकाचा सरावाचा भाला आणि त्याने खेळायचा खेळ, दोन्हींना तेच नाव. युरोपातले सरदार स्पर्धांसाठी बोथट टोकाचे लान्स वापरत, त्याला मराठीत तयार शब्द हवा असेल तर हाच.

भाल्याच्या भागांना काय म्हणतात?

टोकाला फळ किंवा पातं. संस्कृतातही 'फल' म्हणजे हत्याराचं पातं, आणि नांगराचा फाळ त्याच्याच कुळातला. दांडा बसतो ती खोबण. बुडाला लोखंडी टोपण असतं ती शेंबी, छत्रीच्या आणि काठीच्या टोकाला असते तीच. हा शब्द वापरा हो, मरायला टेकला आहे.

दांड्याबद्दल थोडं सांगायला हवं. युरोपात दांडा ॲश नावाच्या झाडाच्या लाकडाचा असे. पण हिंदुस्थानात आल्यावर इंग्रजांना कळलं की इथला भरीव बांबू हलका असून चिवटही आहे, आणि मग त्यांच्या रिसाल्यांचे, म्हणजे घोडदळाच्या पलटणींचे, लान्स बांबूचे होऊ लागले. इंग्रजीत त्या जातीला 'नर बांबू' म्हणतात. मेळघाटाकडे तिला मानवेल म्हणतात. आत पोकळी जवळजवळ नसतेच, त्यामुळे दणका बसला तरी चिरफळत नाही.

मराठे खरंच भाल्यासाठी ओळखले जात का? की तलवारच खरी?

सिनेमा-मालिकांमुळे तलवार पुढे आली. मैदानावर भाला होता. मराठ्यांचा इतिहास लिहिणाऱ्या ग्रँट डफनेही भाला हे मराठ्यांचं खास हत्यार म्हणून नोंदवलं आहे. हलका घोडा, हलकं सामान आणि हातात भाला: तळावर अचानक पडायचं आणि पसार व्हायचं, तर हेच सोयीचं.

भाषेने त्याची दुसरी बाजूही टिपून ठेवली आहे. 'भालेराई' हा शब्द पाहा. भाल्याच्या जोरावर चालणारा अंमल, म्हणजे लुटालुटीचा काळ. ज्यांच्या गावावरून ही घोडी गेली त्यांच्या बाजूने बोललेला हा शब्द आहे. त्याचंच भावंड बंगालीत सापडतं: अठराव्या शतकात नागपूरकर भोसल्यांच्या स्वाऱ्या बंगालवर झाल्या, तिथल्या लोकांनी आपल्या 'बारगीर'चं, म्हणजे सरकारी घोड्यावरच्या स्वाराचं, 'बर्गी' केलं, आणि आजही तिथे बाळांना बर्गी आल्याची भीती घालून झोपवतात.

फ्रीलान्सचा भाल्याशी काय संबंध? 'फ्री' म्हणजे फुकट का?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी: नाही. कृपा करून नाही.

'फ्री' म्हणजे मोकळा, कुणा एका धन्याला न बांधलेला. 'लान्स' म्हणजे इथे भाला नव्हे तर भालेकरी. आपण 'शंभर घोडी आली' म्हणतो तेव्हा स्वारही धरलेले असतात, तसंच हे. युरोपात तर 'एक लान्स' हे फौजेचं माप होतं. फ्रान्सच्या सातव्या चार्ल्सने १४४५ मध्ये कायमची फौज उभारली तेव्हा एका लान्समध्ये सहा माणसं धरत, सरदार आणि त्याच्याबरोबरचे तिरंदाज-चाकर मिळून.

पण मोकळ्या भाडोत्री स्वाराला 'फ्री लान्स' म्हणायची पद्धत मध्ययुगातली नाही, ती एकोणिसाव्या शतकातली आहे. १८१९ च्या अखेरीस वॉल्टर स्कॉटची 'आयव्हॅन्हो' ही कादंबरी आली. तिच्यातला एक सरदार आपल्या भाडोत्री स्वारांना 'फ्री लान्सेस' म्हणतो. तिथून तो शब्द आधी पक्ष न मानणाऱ्या राजकारण्यांना लागला, मग पत्रकारांना, मग आमच्यासारख्या लॅपटॉपवाल्यांना.

आता मराठीकडे या. वर्तमानपत्रं 'मुक्त पत्रकार', 'मुक्त छायाचित्रकार' लिहितात. चुकीचं नाही, पण 'मुक्त' ऐकलं की माणूस कसा छान सुटला आहे असं वाटतं, आणि महिन्याच्या एक तारखेला तसं वाटत नाही. आपल्या फौजेत यासाठी नेमका शब्द होता: शिलेदार. अरबी 'सिलाह' म्हणजे हत्यार, त्याला फारसी 'दार'. शिलेदार स्वतःचा घोडा, स्वतःची हत्यारं घेऊन चाकरीला येई. बारगीराला घोडा सरकारी पागेतून मिळे. शिवाजी महाराजांच्या रिसाल्यात दोन्ही होते, आणि महाराजांचा भर पागेवर होता, कारण घोडा ज्याचा, सत्ता त्याची.

शिलेदाराचा पगार जास्त, जोखीमही त्याचीच. लढाईत घोडा पडला तर पोटापाण्याचं साधनच गेलं, त्यामुळे तो घोडा जपून लढे आणि सेनापती त्याला नावं ठेवत. गेल्या पावसाळ्यात माझ्या लॅपटॉपवर चहा सांडला तेव्हा मला त्या शिलेदारांची बाजू नीट समजली. कंपनीत असतो तर मशीन बदलून मिळालं असतं, तोवर दोन दिवस आराम. बारगीर.

आणि जो कुठल्याच पथकात नाही, एकटाच येऊन चाकरी करतो, तो एकांडा शिलेदार. आपण आज हा शब्द फक्त राजकारणातल्या किंवा समाजकारणातल्या एकट्या लढवय्यासाठी राखून ठेवला आहे. पण फ्रीलान्सरला याहून सरळ शब्द मराठीत नाही. माझं ऐकाल तर 'एकांडा शिलेदार' लिहा, निदान जिथे जागा आहे तिथे.

लान्स नाईक भाला बाळगतो का?

नाही, आणि बहुधा कधीच बाळगत नव्हता. नाईकाच्या खालचा हा हुद्दा, बाहीवर एक फीत. नाईकाला दोन, हवालदाराला तीन. 'नाईक' आपलाच, नायकवरून आलेला. 'लान्स' मात्र इटलीतून आला. तिथे 'लांचा स्पेत्साता' म्हणजे मोडका भाला. लढाया पाहिलेला, भाला मोडेपर्यंत लढलेला मुरब्बी शिपाई असा त्याचा अर्थ. फ्रेंचांनी तो उचलला, इंग्रजांनी त्याची शेपूट तोडली, 'मोडका' गळून पडला आणि नुसता 'भाला' उरला.

१९७१ च्या युद्धात गंगासागरच्या लढाईत मरणोत्तर परमवीरचक्र मिळालेले अल्बर्ट एक्का लान्स नाईक होते. मराठी बातम्यांत कधी कधी 'लँड नाईक' असं छापून येतं. त्यात जमिनीचा काही संबंध नाही.

रिसाल्यांमध्ये याच धर्तीवर 'लान्स दफादार' आहे. पण त्याची बरोबरी नाईकाशी होते, लान्स नाईकाशी नाही. भाषांतरात इथे हमखास घसरायला होतं.

लान्सर्स पलटणी आजही आहेत म्हणे. भाले घेऊन काय करतात?

रणगाडे चालवतात. २ लान्सर्स, २० लान्सर्स या आपल्या लष्करातल्या चिलखती रेजिमेंट आहेत, नावं घोड्यांच्या काळातली. चिलखती दलाचं प्रशिक्षण केंद्र अहिल्यानगरला आहे. तिथलं रणगाड्यांचं संग्रहालय पाहायला गेलात तर या नावांच्या पाट्या सापडतील.

भाल्याने लढलेल्या शेवटच्या मोठ्या लढायांपैकी एक आपल्याच लोकांची. २३ सप्टेंबर १९१८ रोजी जोधपूर आणि म्हैसूर संस्थानांच्या लान्सर्सनी मशीनगनच्या माऱ्यातून घोडी घालून हैफा शहर घेतलं. दिल्लीतल्या तीन मूर्ती चौकातल्या तीन पुतळ्यांमध्ये ते आहेत, तिसरा हैदराबाद लान्सर्सचा. त्यानंतर दहा वर्षांतच ब्रिटिशांनी लढाईचं हत्यार म्हणून लान्स मोडीत काढला. आता तो मिरवण्यापुरता: राष्ट्रपतींच्या अंगरक्षकांच्या हातातला लाल-पांढऱ्या पताकेचा भाला प्रजासत्ताक दिनाला टीव्हीवर दिसतो तो.

'नवा फोन लाँच झाला' आणि 'रेवसची लाँच' यांत भाला कुठे?

पहिल्यात आहे, दुसऱ्यात नाही. जुन्या फ्रेंचमध्ये लान्सवरून 'भाला फेकणे' असं क्रियापद झालं, त्याचा नॉर्मंडीकडचा उच्चार इंग्रजीत 'लाँच' झाला. फेकणे, सोडणे, सुरू करणे. जहाज पाण्यात सोडतात, रॉकेट आकाशात, फोन बाजारात.

भाऊच्या धक्क्यावरून रेवसला किंवा गेटवेवरून मांडव्याला जाणारी लाँच मात्र मलायाकडची आहे. तिथल्या वेगवान होडीचं नाव पोर्तुगीजांनी उचललं, त्यांच्याकडून ते इंग्रजांकडे गेलं. दिसायला जुळ्या, नातं शून्य.

लॅन्सेट म्हणजे छोटा भाला? डॉक्टरांना कशाला लागतो?

गळू फोडायला. छोटं टोकदार दुधारी पातं म्हणजे लॅन्सेट, आपल्याकडचं नश्तर. मधुमेहाची तपासणी घरी करताना बोटाला टोचता ती सुईसुद्धा लॅन्सेटच. लंडनहून १८२३ पासून निघणारं वैद्यकीय नियतकालिक याच नावाचं. टोकदार कमानीच्या निमुळत्या खिडकीलाही इंग्रजीत लॅन्सेट म्हणतात, आणि त्या कुलाब्याच्या अफगाण चर्चमध्ये पाहायला मिळतात.

गंमत म्हणजे संस्कृतानेही हाच रस्ता धरला, आणि बराच आधी. 'शल्य' म्हणजे बाणाचं किंवा भाल्याचं अंगात रुतून राहिलेलं टोक. ते काढण्याची विद्या ती शल्यतंत्र. सुश्रुताने आयुर्वेदाच्या आठ अंगांत तिला पहिलं स्थान दिलं. आपल्या सरकारी रुग्णालयाच्या दारावर 'जिल्हा शल्यचिकित्सक' ही पाटी असते. तिचा शब्दशः अर्थ 'जिल्ह्यातली भाल्याची टोकं काढणारा' असा होतो.

शरीरातलं शल्य मग मनात गेलं. 'एक शल्य राहून गेलं' असं आपण म्हणतो. झिजून त्याचा 'सल' झाला आणि त्याचं क्रियापद 'सलणे'. मराठी कवींनी या शब्दाला जेवढं राबवलं तेवढं कुठल्याच हत्याराला राबवलं नसेल, पण तो मुळात हत्यार आहे हे कुणाच्या ध्यानात नसतं. जखम वरून भरलेली, आत टोक तसंच. माझी आजी "अजून सलतंय गं" म्हणायची ते गुडघ्याबद्दल की धाकट्या जावेबद्दल, हे ऐकणाऱ्याने ठरवायचं.

साळिंदराला संस्कृतात 'शल्यक' म्हणतात ते उघडच आहे.

शूळ, सूळ, सुळका हेही त्यातलेच?

शूल म्हणजे टोकदार भाला, त्रिशूळ तीन टोकांचा. पोटात भाला खुपसल्यासारखं दुखतं तो पोटशूळ. शेजाऱ्याची बढती झाली की उठतो तोही पोटशूळ. गुन्हेगाराला ज्या खुंटावर चढवत तो सूळ, त्यावरून सुळावर देणे. 'सुळावरची पोळी' ही म्हणही तिथलीच: पोळी आहे खरी, पण घ्यायला जायचं कुठे ते पाहा. गिर्यारोहकांचा सुळकाही आकाराने आणि नावाने याच घरातला मानतात.

भालेराव म्हणजे भालावाले. मग भालचंद्रही?

भालेराव, भालेकर यांत भाला आहे. भालचंद्रात नाही. तिथे 'भाल' म्हणजे कपाळ, मराठीतलं भाळ. भाळी चंद्र धारण केलेला तो भालचंद्र, भाळी लिहिलेलं चुकत नाही तेच भाळ.

इंग्रजांचीही हीच गत. लान्स क्लूझनर १९९९ च्या विश्वचषकात बॅट अशी चालवत होता की नावात भाला असणारच असं वाटे. पण 'लान्स' हे माणसाचं नाव जुन्या जर्मन 'लान्झो'वरून आलं आहे, त्याचं मूळ 'जमीन' या अर्थाचं.

लग्नातले भालदार-चोपदार कोण?

भालदार भाला धरणारा, चोपदार चोब धरणारा. फारसी 'चोब' म्हणजे लाकूड, दंड. राजाच्या पुढे चालून वाट मोकळी करायची आणि ललकारी द्यायची हे त्यांचं काम. चोपदार अजून खऱ्या नोकरीत आहेत: हायकोर्टात न्यायमूर्तींच्या पुढे चालतात, वारीत पालखीपुढे असतात. भालदाराला मात्र मंगल कार्यालयाखेरीज काम उरलं नाही. साताऱ्याकडच्या एका लग्नात भालदाराच्या हातातल्या भाल्याचं फळ थर्माकोलचं होतं, वर चंदेरी कागद. जेवणाच्या पंगतीत त्याने तो भिंतीला टेकवून ठेवला आणि एका पोराने टोक मोडलं. लांचा स्पेत्साता.

'भाला' नावाचं वर्तमानपत्र होतं का?

होतं. पुण्याहून भास्कर बळवंत भोपटकर ते काढत. १९०५ च्या ऑक्टोबरातल्या एका लेखावरून त्यांच्यावर राजद्रोहाचा खटला झाला आणि १९०६ मध्ये मुंबई हायकोर्टापर्यंत गेला. लेखात नरकात भरलेल्या दरबाराचं वर्णन होतं. सरकारला तो दरबार ओळखीचा वाटला.

पानाच्या आकाराला 'लान्सिओलेट' म्हणतात, त्याला काय लिहू?

भालाकार. आंब्याचं पान डोळ्यांसमोर आणा: मधे रुंद, दोन्हीकडे निमुळतं.

फवारणीच्या पंपाची लान्स?

पाठीवरच्या पंपाच्या मुठीपासून नोझलपर्यंतची ताठ नळी. दुकानात 'लान्स द्या' म्हटलं की पितळी की स्टीलची एवढंच विचारतात. तिला भाला म्हणू नका, शेतकरी हसतील. पोलाद कारखान्यात भट्टीत ऑक्सिजन सोडणाऱ्या नळीलाही लान्सच म्हणतात.

लान्स लिहायचं, लॅन्स की लांस?

लान्स. 'लांस' हिंदीकडचं, 'लॅन्स' अमेरिकेकडचं. लॅन्सेटमध्ये मात्र 'लॅ' रुळला आहे, तो राहू द्या.

बँकेच्या अर्जात 'व्यवसाय' या रकान्यात फ्रीलान्सरने काय लिहावं?

मी एकदा 'एकांडा शिलेदार' लिहिलं होतं. खिडकीतल्या बाईंनी चष्म्यावरून पाहिलं, खोडलं आणि 'इतर' वर टिक केली.